दंडाने निकालाची वाट पाहावी

खामगाव-मलकापूरकडच्या कापूस व्यापाराचे वर्ष काही महिन्यांतच ठरते. दसऱ्यानंतर आवक वाढली की जिनिंगवाल्याला खेळते भांडवल लागते आणि शेतकऱ्याला चुकारा. नेमक्या त्या दिवसांत कर खात्याने दंडवसुलीसाठी बँक खाते गोठवले, तर अख्खा हंगाम बुडतो. पुढे अपिलात दंड रद्द झाला, तर पैसे परत मिळतात. गेलेली पत मात्र मिळत नाही. म्हणून अपील प्रलंबित असताना दंडाची वसुली थांबवणे, हा मला अपिलाच्या हक्काचाच भाग वाटतो.

१९६८मध्ये मोहम्मद कुन्ही प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच तत्त्व मान्य केले. कायद्यात स्पष्ट शब्द नसले, तरी आयकर अपील न्यायाधिकरणाला वसुलीस स्थगिती देता येते. अपील ऐकण्याच्या अधिकारातच ते निष्फळ होऊ न देण्याचा अधिकार येतो. २००१मध्ये केईसी इंटरनॅशनलच्या निकालात मुंबई उच्च न्यायालयाने अधिकाऱ्यांना बजावले की, स्थगितीचा अर्ज कारणे देऊनच निकाली काढा आणि करदात्याची आर्थिक अडचण विचारात घ्या.

व्यवहारात मात्र २०१७च्या परिपत्रकातला २० टक्क्यांचा आकडाच पुढे येतो: वादातल्या मागणीचा एवढा भाग भरा, मग स्थगिती. याहून कमी रकमेवरही स्थगिती देता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८मध्ये स्पष्ट केले. तरीही ज्याचा अर्ज स्थानिक पातळीवर फेटाळला जातो, त्या बुलढाण्याच्या छोट्या व्यापाऱ्याला दाद मागायला तीनशेहून अधिक किलोमीटरवरचे नागपूर गाठावे लागते. वकिलाची फी परवडणाऱ्यालाच स्थगिती मिळणार असेल, तर कायद्यापुढची समानता कागदावरच उरते.

यावर एक आक्षेप वाजवी आहे. वसुली सहज थांबू लागली, तर पैसे अडकवण्यासाठीच अपिले होतील आणि सरकारी तिजोरीला फटका बसेल. करापुरते हे मला पटते. पण उशिरा भरलेल्या करावर १९६१च्या कायद्याने दरमहा एक टक्का व्याज लावले, म्हणजे विलंबाची भरपाई तिथे होतीच. दंड ही शिक्षा आहे. त्याच कायद्यात उत्पन्न कमी दाखवल्यास कराच्या ५० टक्के, चुकीची माहिती दिल्यास २०० टक्के दंड होता. माणूस दोषी आहे का, हाच प्रश्न अपिलात असताना शिक्षा आधी वसूल करणे न्यायाचा क्रम उलटवते. फौजदारी खटल्यात दोषी ठरलेल्याची शिक्षासुद्धा अपिलाच्या काळात स्थगित करता येते.

जीएसटीमध्ये ठरावीक रक्कम भरून अपील केले की उरलेली वसुली आपोआप थांबते. अधिकाऱ्याची मर्जी राखावी लागत नाही. आयकराच्या दंडालाही हाच नियम लावावा, आणि तोही आगाऊ रकमेविना. मालमत्ता लपवली जाण्याचा धोका असेल तिथे तारण घ्यावे. अपिलाला निकालाची मुदतही बांधून द्यावी. तिजोरीला उशीर नको असेल, तर निकाल लवकर लावणे सरकारच्याच हातात आहे.