थंडी खाली उतरते

मीरा-भाईंदरला कसली आलीय थंडी, असं नाशिककडून आलेला पाहुणा हमखास म्हणतो. पश्चिमेला समुद्र, उत्तरेला वसईची खाडी, मध्ये मिठागरं. इथे जानेवारीतही दुपारी पंखा लागतो हे खरंच आहे. पण वरसाव्याहून ठाण्याकडे पहाटे पाचला दुचाकीवर निघणाऱ्याला विचारा. चेन्याच्या बाजूला उजव्या हाताचे राष्ट्रीय उद्यानाचे डोंगर जवळ आले, रस्ता जरा सखल झाला की गार हवेचा पट्टाच लागतो. हँडलवरची बोटं आखडतात, डोळ्यांतून पाणी येतं, कानांत कळ उठते. पुढे गायमुखाचा घाट सुरू होतो आणि चढावर थोडं वर गेलं की हवा सोसवू लागते. तळाला गारठा, चढावर ऊब. आपण तर लहानपणापासून उलटं ऐकत आलो, जितकं उंच तितकं थंड. सुट्टीत महाबळेश्वरला जातो ते त्याच भरवशावर.

चेन्यात मग असं का? दिवसभर तापलेली जमीन सूर्य मावळल्यावर आपली उष्णता आकाशाकडे सोडत राहते. ढग असले तर ते त्यातली बरीच परत पाठवतात, म्हणून ढगाळ रात्री फारशा गारठत नाहीत. आकाश निरभ्र, हवा कोरडी आणि वारा पडलेला असला की ती उष्णता सरळ निघून जाते. जमीन गार होते, तिला लागून असलेली हवा गार होते, आणि गार हवा जड. ती पाण्यासारखी उतारावरून ओघळते, ओढ्यानाल्यांच्या वाटेने खाली येते आणि जिथे अडेल तिथे साचते. तिच्या डोक्यावर उबदार हवेचा थर बसतो. भूगोलाच्या पुस्तकात याला तापमानाची विपरीतता म्हणतात. सकाळी ऊन चांगलं वर येऊन जमीन तापेपर्यंत तो थर जागचा हलत नाही.

हे नीट पाहायचं तर नाशिक जिल्ह्यातल्या निफाडला जावं. हिवाळ्यात कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रातला आकडा राज्यभरच्या वर्तमानपत्रांत झळकतो. 2018 च्या डिसेंबरअखेर तो 2 अंशांच्याही खाली गेला होता. तिथे उंच शिखरं नाहीत. गोदावरी आणि कादवा यांचं सखल खोरं आहे, मोकळं शिवार आहे, आणि समुद्र सह्याद्रीच्या पलीकडे दूर राहिला आहे. हिमालयात बर्फ पाडून पश्चिमी प्रक्षोभ पुढे सरकला की उत्तरेचे कोरडे वारे खाली येतात. रात्री वारा पडला की पुढचं काम खोरं करतं.

द्राक्षबागायतदारांना ही रात्र फार जड जाते. ऑक्टोबरच्या छाटणीनंतर या दिवसांत घडांतल्या मण्यांची फुगवण चाललेली असते. पारा घसरला की मुळं पाणी नीट उचलेनाशी होतात, फुगवण खुंटते, पाणी उतरलेले मणी पहाटे तडकतात. दिवसरात्रीच्या तापमानात फार तफावत पडली की हिरव्या मण्यांवर गुलाबी छटा येते. ‘पिंक बेरी’ म्हणतात तिला, आणि निर्यातीच्या मालात ती चालत नाही. वर्षभराचा खर्च घडांच्या रूपाने डोळ्यांसमोर लटकत असतो. मग मध्यरात्रीनंतर घरचं माणूस कानटोपी घालून बाहेर पडतं, ठिबक चालू करतं, बागेत शेकोट्या पेटवतं. विहिरीचं पाणी त्या वेळच्या हवेपेक्षा उबदार असतं. शिवाय ओली जमीन दिवसाची उष्णता कोरड्या जमिनीपेक्षा जास्त साठवते आणि रात्री हळूहळू सोडते. शेकोट्यांचीही एक रीत आहे. एकाच जागी मोठा जाळ केला तर त्याची ऊब वरचा थर भेदून निघून जाते. ठिकठिकाणी लहान शेकोट्या केल्या तर ती थराखालीच, बागेतच फिरत राहते. जो थर गारठा कोंडून ठेवतो त्यालाच ऊब कोंडायला लावायचं! थंडी समजून घेणं म्हणजे काय, याचं इतकं चोख उदाहरण मला दुसरं माहीत नाही. आणि त्याच शिवारात शेजारच्या गव्हाला हाच गारठा हवा असतो, नाहीतर फुटवे कमी येतात. एका बांधाच्या अलीकडे थंडीची धास्ती, पलीकडे तिची वाट पाहणं.

आपल्याकडेही थंडी कुणाला हवी असते. उत्तनला सकाळी जमिनीकडून येणारा कोरडा वारा बोंबील वाळवायला चांगला, दमट हवा त्यांना मानवत नाही. मिठागरांनाही कोरडी हवाच लागते.

आपली खरी अडचण आकड्याची आहे. मुंबईचं तापमान म्हणून आपण जे वाचतो ते सांताक्रूझचं किंवा कुलाब्याचं असतं. 1962 च्या जानेवारीत सांताक्रूझला 7.4 अंशांची नोंद झाली, मुंबईचा नीचांक म्हणून तीच सांगितली जाते. तिन्ही बाजूंनी पाणी असलेल्या कुलाब्यात पारा इतका कधीच उतरलेला नाही. एकाच शहराच्या दोन वेधशाळांत एवढा फरक, तर भाईंदरच्या खाडीकाठात आणि डोंगराच्या कुशीतल्या चेने-काजूपाड्यात तो का नसावा? मोबाइलवर मीरा-भाईंदरच्या नावापुढे दिसणारा आकडा आपल्या उशापायथ्याचा असेलच असं नाही. साधा तापमापक घ्यावा, भिंतीपासून थोडा दूर, दव आणि ऊन लागणार नाही असा टांगावा आणि उजाडायच्या आधी वाचावा. पारा सगळ्यात खाली असतो तो मध्यरात्री नव्हे, सूर्योदयाच्या सुमारास.

त्या उबदार थराखाली थंडीबरोबर धूरही कोंडतो. मीरा रोडच्या उंच इमारतीत वरच्या मजल्यावरून जानेवारीच्या सकाळी खाली पाहिलं की राखाडी पट्टा दिसतो. वॉचमन, दूधवाला, पाववाला, शाळेच्या बसची वाट पाहणारी मुलं त्या पट्ट्यात उभी असतात. हायवेवरच्या ट्रकांचा धूर, बांधकामांची धूळ, कोपऱ्यात पेटवलेला पालापाचोळा, सगळं तिथेच घुटमळतं. म्हणून या दिवसांत पहाटे कचरा पेटवणं मला शेजाऱ्याच्या तोंडावर धूर सोडण्याइतकंच वाईट वाटतं. निफाडच्या शेकोटीची ऊब जशी वर जात नाही तसा हा धूरही जात नाही. दमा असणाऱ्यांनी, वयस्कर मंडळींनी फिरायला पाचऐवजी आठ-साडेआठला निघावं, ऊन पडून हवा हलू लागल्यावर. पहाटेची हवा शुद्ध असते हा आपला जुना समज हिवाळ्यातल्या शहरात तरी बाजूला ठेवायला हवा.

घरातल्या शेगडीबद्दल मात्र कळकळीने सांगायचं आहे. दार-खिडकी लावून खोलीत कोळसे पेटते ठेवून कुणीही झोपू नये. जळत्या कोळशातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो, रंग नसतो. झोपलेल्या माणसाला गुदमरल्याचं कळतही नाही, आणि हिवाळ्यात अशी कुटुंबं दगावल्याच्या बातम्या आपण वाचत आलो आहोत. शेकायचं ते बाहेर, झोपण्याआधी, आणि आग पूर्ण विझवून मगच आत यायचं. बाळंतिणीची खोली शेकायची असली तरी हवा खेळती हवी.

सखल भागात जमिनीवर झोपणाऱ्याला गारठा दोन्हीकडून लागतो, वरून हवेचा आणि खालून फरशीचा. आपण दान करताना वरच्याचाच विचार करतो, चादर देतो. खालून काय, हे विचारत नाही. पातळ चटईवर झोपलेल्याच्या अंगातली ऊब जमीन ओढून घेते, वर दोन ब्लँकेटं असली तरी. चार विटांवर ठेवलेली फळी, प्लायवूडचा तुकडा, गवताची किंवा पुठ्ठ्याची जाड बैठक एवढ्याने रात्र बदलते. बांधकामावरच्या मजुरांच्या पत्र्याच्या खोल्यांत, डोंगरालगतच्या आदिवासी पाड्यांत, इमारतींच्या तळमजल्यावरच्या केबिनमध्ये हे करता येण्यासारखं आहे. बांधकामाच्या जागी फळ्यांना तोटा नसतो, मुकादमाला फक्त सांगावं लागतं.

ज्यांना वाटप करायचंय त्यांनी जानेवारी संपायची वाट पाहू नये, डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यातच करावं. आणि पाहणीला दुपारी बाराला नको, पहाटे साडेपाचला जावं. कुठल्या झोपडीला फळी आधी हवी ते त्या वेळी तिथे उभं राहिलं की कळतं.