कॅमेरा खाली ठेवायचा का?

समोर माणूस मरत असताना कॅमेरा चालू ठेवणाऱ्याला निर्दय म्हणून आपण मोकळे होतो. हा आरोप तपासायचा तर पत्रकार मस्तिस्लाव चेर्नोव यांचा ‘२० डेज इन मारिउपोल’ हा माहितीपट पाहावा. २४ फेब्रुवारी २०२२ च्या पहाटे, रशियाचा हल्ला सुरू होण्याच्या तासभर आधी, चेर्नोव युक्रेनच्या या बंदरात पोहोचले. पुढे रुग्णालयात चार वर्षांच्या मुलीला वाचवण्याची धडपड चालली असताना, हे चित्रित करा, असे खुद्द डॉक्टरच त्यांना सांगत होते. आरोपाचा पाया इथेच खचतो. जखम बांधणारे हात तिथे होते; शहराबाहेर खबर नेणारे नव्हते. वीज गेलेली, नेटवर्क जवळपास बंद. लुटल्या गेलेल्या एका किराणा दुकानाच्या जिन्याखाली दबा धरून बसायचे आणि दिवसातून एकदा जमेल तेवढे चित्रण पाठवायचे, असा तो उद्योग होता.

हा दुःखाचा बाजार नाही का, हा आक्षेप मात्र झटकून टाकण्यासारखा नाही. मरणाऱ्याची संमती घेता येत नाही, आणि पुढे मिळालेल्या ऑस्करने ते ऋण फिटत नाही. पण माझ्या मते या कामाची नीती बटण दाबण्याच्या क्षणी ठरत नाही, त्यानंतर ठरते. ९ मार्चला प्रसूतिगृहावर बॉम्ब पडला, स्ट्रेचरवरच्या गर्भवतीचे दृश्य जगभर गेले आणि रशियाने ते नाटक ठरवले. चेर्नोव आणि सहकारी मात्र त्या बायकांचा माग काढत दुसऱ्या रुग्णालयात गेले. स्ट्रेचरवरची आई आणि तिचे बाळ, दोघेही दगावले होते. दृश्य विकून मोकळा होणारा माणूस असा परत विचारपूस करायला जात नाही.

एवढे करून युद्ध थांबले का? नाही. मे महिन्यात शहर पडले. हा चित्रपट कधी करावाच लागला नसता तर बरे, असे चेर्नोव ऑस्करच्या मंचावरूनच म्हणाले. चित्रणाने बॉम्ब अडत नाही. मेलेला माणूस ‘नट’ ठरण्यापासून वाचतो, तोही कधीमधीच. १५ मार्चला हे पथक शहराबाहेर पडले. दुसऱ्याच दिवशी तिथल्या नाट्यगृहावर बॉम्ब पडला. बाहेरच्या जमिनीवर रशियन भाषेत, आकाशातून वाचता येईल एवढ्या अक्षरांत, ‘मुले’ असे लिहिले होते. त्या हल्ल्यात किती माणसे मेली? मानवाधिकार संघटना ॲम्नेस्टी म्हणते किमान बारा, एपी ही वृत्तसंस्था म्हणते सहाशेच्या आसपास.