न लाभलेली टोपी

सांगलींत 1915 सालीं जन्मलेल्या विजय हजारे यांचें नांव सातारा-सांगलीकडील क्रिकेटवेड्या घरांत सर्वांच्या तोंडीं असतें. अमोल मुजुमदारांचें पुष्कळांनीं 2025 मध्येंच प्रथम ऐकलें असावें. 1988 च्या हॅरिस शील्ड सामन्यांत तेंडुलकर-कांबळींची 664 धावांची भागीदारी चालली असतां हे पॅड बांधून बसून राहिले. 1994 सालीं रणजींतील पदार्पणांतच 260 धावा; पुढें मुंबई, आसाम, आंध्र अशी वीस वर्षांची चाकरी आणि अकरा हजारांवर धावा. देशाकडून मात्र एकही सामना नाहीं!

अशा माणसास ‘फळाची आशा धरूं नये’ म्हणून सांगणारे बहुधा स्वतः फळ खाऊन बसलेले असतात. इच्छा रास्त होती. ती पुरी न होणें हें दुःखच. परंतु तेवढ्यानें तें आयुष्य वायां गेलें, असें म्हणतां येईल काय? आसामसाठीं काढलेली धाव हीही धावच होती.

2025 मध्यें त्यांच्या शिकवणीखालीं, सांगलींत वाढलेल्या स्मृति मानधनांसह, महिला संघानें विश्वचषक जिंकला. ‘अखेर न्याय झाला’ असें यावर कोणी म्हणेल. आम्हांस तें पटत नाहीं. तो अंतिम सामना हरला असता, तर त्या 260 धावांतून एक तरी वजा झाली असती काय?