अपुरा पेपर

बारा वर्षांपूर्वी नववीच्या एका मुलाला मी गणितात नापास केले. त्याची रीत बरोबर होती. पेपर मात्र अपुरा राहिला होता. मुलाने शाळा सोडली. नियमाने मी चुकलो नव्हतो, तरी ती तांबडी रेघ अजून मनातून जात नाही. यंदा 'मल्टिक्स'ची हकीकत वाचली आणि ती पुन्हा ठसठशीत झाली.

मल्टिक्स ही संगणक चालवणारी प्रणाली. १९६५ च्या सुमारास अमेरिकेत एमआयटी, बेल लॅब्स आणि जनरल इलेक्ट्रिक या तिघांनी ती रचायला घेतली. घरोघर वीज नि पाणी येते, तशी संगणकाची शक्ती एकाच यंत्रातून अनेकांना रात्रंदिवस मिळावी, हा मनसुबा. काम लांबले, खर्च वाढला. १९६९ मध्ये बेल लॅब्सने अंग काढून घेतले. तिथल्याच केन थॉम्पसन आणि डेनिस रिची यांनी मग एका लहान यंत्रावर आटोपशीर प्रणाली उभारली. तिचे नाव 'युनिक्स', म्हणजे मल्टिक्सची थट्टाच!

थट्टा करणारी जगभर गेली. मल्टिक्सचे अखेरचे यंत्र कॅनडात हॅलिफॅक्स येथे ३० ऑक्टोबर २००० रोजी बंद झाले. आपल्याकडे तेव्हा दिवाळी नुकतीच सरली होती.

मग मल्टिक्स नापास का? फडताळात पेटी, पेटीत डबी, तशी माहितीची मांडणी तिने रूढ केली. ती युनिक्सने उचलली. त्याच वळणावर १९९१ मध्ये लिनक्स आले, आणि आज अँड्रॉइड फोनच्या पोटात लिनक्सच आहे.

कोणी म्हणेल, मास्तर, अशाने प्रत्येक अपयशाला हार घालावा लागेल. तसे नव्हे. वेळ टळली ती टळलीच. बेल लॅब्सचा निर्णयही अन्यायाचा म्हणता येणार नाही. परंतु 'वेळेत झाले नाही' आणि 'चुकले' ही दोन वेगळी वाक्ये आहेत. पहिल्याच्या जागी दुसरे लिहिणे हे असत्य होय. थॉम्पसन-रिचींनी ती गल्लत केली नाही. पसारा टाकला, रीत ठेवली. मी त्या मुलाला नुसता आकडा दिला.

गुण मी आजही नियमानेच देतो. मात्र आकड्याखाली एक ओळ लिहितो : यात बरोबर काय होते. ती ओळ बारा वर्षे उशिरा सुचली. म्हणजे माझाही पेपर वेळेत पुरा झालेला नाही.