पौल खाली उतरला

(पाठ : प्रेषितांची कृत्ये 20 : 7-12)



त्रोवस येथे माडीवर मंडळी भाकर मोडण्यास जमली होती. पौलाचे भाषण मध्यरात्रीपर्यंत लांबले. खिडकीत बसलेला युतुख नावाचा तरुण झोपेच्या गुंगीत तिसऱ्या मजल्यावरून खाली पडला, व लोकांनी त्याला मेलेला म्हणून उचलले. तेव्हा पौलाने काय केले, हे लक्षपूर्वक पाहा. त्याने उपदेश थांबविला. तो खाली उतरला, त्या तरुणाजवळ गेला, त्याला कवटाळले, आणि त्याच्यात प्राण आहे असे सांगून घाबरलेल्या मंडळीला शांत केले.

पौलास मिळालेले सामर्थ्य आपणांस नाही, असे कोणी म्हणेल. खरे आहे. परंतु खाली उतरण्यास प्रीती पुरते.

आपल्या गावी शेतात, विहिरीवर, किंवा उपासनेतही कोणी एकाएकी निश्चेष्ट पडतो, तेव्हा काय होते? गर्दी जमते. कोणी नाकाशी कांदा धरतो, कोणी जोडा हुंगवितो, कोणी तोंडात पाणी ओततो. बेशुद्ध माणसास गिळता येत नाही. दयेने ओतलेले ते पाणी श्वासनलिकेत जाऊन त्याचा जीव घेऊ शकते. दयेला ज्ञानाची जोड हवी.

म्हणून हे शिकून घ्या. प्रथम जागा पाहा. विजेची तार असेल तर आधी वीज बंद करा. मग त्याचे खांदे थोपटून मोठ्याने हाक मारा. उत्तर न आल्यास लगेच 108 क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवा. छाती वरखाली होते की नाही ते पाहा. यास दहा सेकंदांहून अधिक वेळ घालवू नका. श्वास नीट चालत असेल तर त्याला कुशीवर वळवा, म्हणजे लाळ व वांती बाहेर पडेल. आणि जवळून हलू नका. मात्र तो उंचावरून पडला असेल तर मान व पाठ विनाकारण हलवू नका.

श्वास नसेल, किंवा नुसते आचके येत असतील, तर त्याला कठीण जमिनीवर उताणे निजवा. छातीच्या मध्यावर एका तळहातावर दुसरा ठेवून जोराने दाबा : प्रौढ माणसास पाच ते सहा सेंटिमीटर खोल, मिनिटास 100 ते 120 वेळा. प्रत्येक दाबानंतर छाती पूर्ण वर येऊ द्या. दर दोन मिनिटांनी दुसऱ्याने हात द्यावा, आणि मदत येईपर्यंत थांबू नये. प्रार्थना अवश्य करा. पण हात छातीवर ठेवून करा.

रस्त्यावरील अपघातात पुष्कळ जण पोलिसांच्या भीतीने, त्या याजकाप्रमाणे व लेव्याप्रमाणे, दुसऱ्या बाजूने निघून जातात. परंतु 2019 साली सुधारलेल्या मोटार वाहन कायद्यात चांगल्या शोमरोन्याचेच नाव घेऊन, सद्भावनेने मदत करणाऱ्यास संरक्षण दिले आहे. त्याला आपले नाव सांगण्याची सक्ती नाही. आता भीतीची सबब उरली नाही.

सर्वच युतुख उठतील असे नाही. फळ देवाच्या हाती आहे. खाली उतरणे आपल्या हाती आहे. उपदेशकांनो, येत्या रविवारी उपासनेनंतर मंडळीतील तरुणांना जवळच्या दवाखान्यातील परिचारिकेकडून हे हाताने शिकवा. आपल्या दारी कोणी पडेल त्या रात्री प्रभु आपणांस खाली उतरलेले पाहो. आमेन.