यंत्र मागे ठेवून

२६ जानेवारी १९८०, शनिवार. जपानमध्ये त्या संध्याकाळी ‘मोबाइल सूट गंडम’ या कार्टून मालिकेचा त्रेचाळिसावा भाग लागला आणि मालिका संपली. ठरले होते बावन्न भाग. पण प्रेक्षक फारसे जमेनात, खेळणीही खपेनात. त्यामुळे दिग्दर्शक योशियुकी तोमिनो यांना गोष्ट आवरती घ्यावी लागली. पात्रांना रूप देणारे चित्रकार योशिकाझु यासुहिको तर आजारी पडून रुग्णालयात होते. अशा ओढाताणीत केलेला शेवट बहुधा फसतो. हा फसला नाही.

मालिकेचा खर्च उचलत होती क्लोव्हर ही खेळण्यांची कंपनी. त्या काळच्या रोबोट-मालिकांचा रिवाजच असा होता, की पडद्यावर रोबोटने दर आठवड्याला जिंकायचे आणि दुकानात मुलांनी तोच रोबोट मागायचा. तोमिनोंनी शेवटच्या भागात त्या रोबोटचे काय केले, हे म्हणूनच पाहण्यासारखे आहे.

लढाई आहे ‘आ बाओआ कू’ नावाच्या अंतराळदुर्गावर. (बोर्खेसच्या काल्पनिक प्राण्यांच्या पुस्तकात चितोडच्या विजयस्तंभाच्या जिन्यात राहणाऱ्या प्राण्याचे नाव हेच आहे.) पंधरा-सोळा वर्षांचा आमुरो रे गंडम हे रोबोट-यंत्र आत बसून चालवतो आहे, समोर त्याचा प्रतिस्पर्धी शार आहे. गंडमचा डावा हात तुटलेला, डोके उडालेले. तरी ते धड उजव्या हातातली बंदूक सरळ वर रोखते आणि झाडते. शारच्या यंत्राचाही त्यातच निकाल लागतो. जपानमध्ये हे चित्र आज लहानथोर ओळखतात.

भाग तिथेच थांबता, तर तो एका झुंजीचा शेवट ठरला असता. पण पुढे दोघे यंत्राबाहेर पडतात आणि तलवारी घेऊन समोरासमोर येतात. आमुरोच्या दंडात पाते घुसते, शारच्या कपाळावर जखम होते. दोघांच्या मध्ये लाला सूनची आठवण उभी आहे. कपाळावर टिकली लावणारी ही मुलगी दोनच भाग आधी आमुरोच्या हातून मेली. तिला दोघेही विसरू शकत नाहीत, आणि तिच्या नावाने लढून ती परत येणार नाही, हेही दोघांना कळते. जिंकण्याला इथे काही अर्थच उरत नाही.

मग येतो खरा शेवट. ज्या जहाजावर आमुरो आणि त्याचे सोबती मालिकाभर राहिले, ते व्हाइट बेस जळते आहे. जखमी आमुरो मोडक्या गंडममधून छोटे विमान सोडवतो आणि दूर असलेल्या एकेका सोबत्याला मनातल्या मनात हाक देतो: इकडून जा, आता निघ. ते सगळे बाहेर पडतात. अडकतो तो एकटा. आणि त्याला वाट दाखवतात जहाजावरची तीन लहान, अनाथ मुले. मोठ्यांना काही दिसत नाही, पण ती अंधारात बोट दाखवून उलटे आकडे मोजू लागतात. शून्याला आमुरोचे विमान ज्वाळांतून बाहेर येते.

कथा सुरू होण्याआधीच या युद्धात दोन्ही बाजूंची निम्मी माणसे मेलेली आहेत. ज्यांनी आमुरोसाठी आकडे मोजले, त्या मुलांचे आईबापही युद्धातच गेले. म्हणून हा भाग शत्रू किती मेले ते सांगत नाही, जहाजावरची किती माणसे वाचली ते सांगतो. त्याचे नावही ‘सुटका’ या अर्थाचेच आहे. मुलांसाठीच्या मालिकेने १९८० साली हे इतक्या स्पष्टपणे मांडावे, हे धाडसच होते.

गंडमला यश मिळाले ते नंतर. जुलै १९८० पासून बांदाईने तीनशे येनला विकलेले जोडायचे प्लॅस्टिकचे नमुने हातोहात खपले. १९८१ आणि १९८२ मध्ये मालिकेवरून तीन चित्रपट निघाले, आणि तिसऱ्यासाठी यासुहिकोंनी शेवटची कितीतरी दृश्ये नव्याने रेखाटली. क्लोव्हर मात्र १९८३ मध्ये बुडाली.

त्या शेवटच्या दृश्यात गंडम कुठेच नाही. ते किल्ल्यातच राहिले आहे. आमुरो विमानही सोडून देतो आणि दोन्ही हात पुढे करून आपल्या माणसांकडे तरंगत जातो.