अर्धा कोयता

ऊसतोडीला जाणाऱ्या बाईने ‘पिशवी काढली’, म्हणजे गर्भाशय काढून टाकले, असे कळले की ऐकणारा हमखास विचारतो, ‘पण तिला विचारूनच काढली ना?’ हा प्रश्न खटकतो. 2019मध्ये राज्य सरकारने नेमलेल्या नीलम गोऱ्हे समितीच्या अहवालात आले, की बीड जिल्ह्यात पाहणी झालेल्या 82,309 ऊसतोड महिलांपैकी 13,861 जणींचे गर्भाशय काढलेले होते. मजूर पुरवणारा मुकादम, त्याच्याकडून आगाऊ घेतलेली उचल, दुष्काळ ही कहाणी आता सगळ्यांना पाठ आहे. अडते ते सवय आणि संमती या दोन शब्दांपाशी. वर्षानुवर्षे निमूट सोसणाऱ्या बाईची मान होकारार्थी हलली, तर ती संमती म्हणायची की सवय?

मुकादमाच्या वहीत नवरा-बायको मिळून एक कोयता, म्हणजे एकच मजूर-जोडी. बाई मोळ्या बांधते, डोक्यावरून वाहून गाडीत चढवते. त्याआधी पहाटे कोपीपुढे चूल पेटवून भाकरी थापते, पाणी भरते. हे दुसरे काम कुठल्याच वहीत नाही. पाळीत पोट धरून बसली की खाडा, आणि खाड्याचे पैसे कापले जातात. फडात आडोसा नाही, कपडा धुवायला पाणी नाही. परातीत पीठ मळताना तिची बेरीज चाललेली असते: महिन्याचे खाडे, औषधाचा खर्च, अंगावरची उचल. भाकऱ्या वेळेवर होतात, म्हणून आत काही चालले आहे हे कोणाच्या ध्यानात येत नाही.

‘पूर्वी जात्यावर ओव्या गाताना मन मोकळे व्हायचे, गिरणीने ते घालवले,’ असे हळहळणारे भेटतात. जाते ओढून हातांना पडलेले घट्टे ते सोयीने विसरतात. शिवाय ओवी म्हणजे नुसते रडगाणे नव्हे; माजलगावच्या भीमनगरातल्या बायकांनी जात्याच्या ओव्यांत बाबासाहेब गायले. दळणारी बाई जगाचा विचार करत होती, मग मोळी वाहणारी करत नसेल? इथे माझीच मांडणी डळमळते. तिच्या होकाराला नुसती सवय म्हटले, तर पीठ मळताना तिने केलेली बेरीजही पुसली जाते. निर्णय तिचा होता. मात्र बेरजेतले आकडे दुसऱ्यांनी पुरवलेले होते, आणि काही पुरवलेच नव्हते. कमी वयात पिशवी गेल्यावर अनेकदा कंबर धरते, हाडे ठिसूळ होतात, अंगातून वाफा निघतात. पुढच्या हंगामात त्याचेही खाडे पडतात. तेवढे तिला कोणी सांगितले नव्हते.